मन्नारच्या आखातात पहारा कुणावर?

आमच्या देव्हाऱ्यातला शंख आजीने रामेश्वरहून आणलेला. लहानपणी मला वाटायचं, शंख असाच पांढराशुभ्र, गुळगुळीत वाळूत पडलेला असतो आणि कुणीतरी तो उचलून आणतं. जिवंत शंखावर तपकिरी, खरबरीत साल असते आणि आत एक जाडजूड मांसल गोगलगाय राहते, हे फार उशिरा कळलं. पाणबुडे बुडी मारून ती वर काढतात, मांस काढून टाकतात, साल खरवडतात, मग घासूनपुसून तो शंख आपल्या पूजेला येतो. मादी अंडी घालते ती मेंढ्याच्या शिंगासारख्या पिळदार पिशवीत. पिशवीचं एक टोक समुद्रतळाच्या वाळूत रोवलेलं असतं आणि बाकीचं शिंग पाण्यात उभं. तळावरून काहीतरी जड फरफटत गेलं, की ते पहिल्यांदा उपटलं जातं.

(बाजारात मिळणाऱ्या 'दक्षिणावर्ती' शंखांबद्दल एक सांगून टाकतो. खरा दक्षिणावर्ती, म्हणजे उलट्या पिळाचा शंख, फार दुर्मीळ. त्या नावाखाली बरेचदा अमेरिकेच्या किनाऱ्यावरची एक वेगळीच गोगलगाय विकली जाते. तिच्या सगळ्याच शिंपल्यांचा पीळ उलटा असतो, त्यामुळे तिला त्यात काही विशेष वाटत नसावं.)

शंखांची ही जागा म्हणजे मन्नारचं आखात, भारताचं आग्नेय टोक आणि श्रीलंका यांच्यामधलं. रामेश्वरच्या बेटाला जोडणाऱ्या पांबनच्या रस्त्याच्या पुलावर गाड्या थांबवून लोक दोन्हीकडे बघत उभे राहतात, त्यांना कळत असो वा नसो, दोन वेगळे समुद्र एकदम दिसत असतात. उत्तरेला पाल्कचा उपसागर, बहुतेक ठिकाणी दहा-बारा मीटरहून उथळ, गढूळ, तळाशी सागरी गवताची कुरणं. दक्षिणेला मन्नारचं आखात, जे पुढे उतरत उतरत हजार मीटरच्याही खाली जातं. दोघांच्या मधे रामेश्वरचं बेट आणि धनुष्कोडीपासून तलैमन्नारपर्यंत गेलेली रामसेतूची वाळूची रांग. धनुष्कोडीकडचे लोक एकाला 'पेण कडल' म्हणतात आणि दुसऱ्याला 'आण कडल'. बाईसमुद्र शांत आणि बाप्यासमुद्र खवळलेला. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यात हे बरोबरच ठरतं. ईशान्य मोसमी वारा सुरू झाला की मात्र बाईसमुद्र उसळतो आणि बाप्या गप्प बसतो. त्या नावात ही दुसरी बाजू कुणी घेतलेली दिसत नाही.

तुतिकोरिनपासून रामेश्वरपर्यंत किनाऱ्याला समांतर एकवीस छोटी बेटं आहेत. मंडपमजवळ सात, कीळक्करैजवळ सात, वेंबारजवळ तीन आणि तुतिकोरिनजवळ चार. प्रत्येकाभोवती प्रवाळांची झालर. एकवीस हा आकडा सरकारी कागदावरचा. पूवरसनपट्टी आणि विलांगुचल्ली ही दोन बेटं पाण्याखाली गेली आहेत. जवळच्या गावांनी आणि कारखान्यांनी कित्येक दशकं प्रवाळ खणून होड्या भरभरून नेला, चुन्यासाठी, बांधकामासाठी, कार्बाइडसाठी. लाटेचा जोर झेलणारी भिंतच काढून नेल्यावर मागची वाळू किती दिवस टिकणार? तुतिकोरिनसमोरचं वान बेट इतकं झिजलं, की शेवटी त्याच्यापुढे काँक्रीटचे कृत्रिम प्रवाळ टाकावे लागले.

म्हणून एक गोष्ट आधी स्पष्ट करतो. इथे संरक्षण नको होतं, असं मी म्हणत नाही. १९८६ मध्ये ५६० चौरस किलोमीटरचं सागरी राष्ट्रीय उद्यान झालं, १९८९ मध्ये त्याभोवती साडेदहा हजार चौरस किलोमीटरचं जीवावरण राखीव क्षेत्र झालं, २००१ मध्ये युनेस्कोच्या यादीत नाव गेलं. त्याच वर्षी सगळे प्रवाळ आणि समुद्रकाकड्या (काकडीसारखे दिसणारे समुद्रतळावरचे प्राणी) वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आल्या, म्हणजे कागदावर त्यांचा दर्जा वाघाच्या बरोबरीचा झाला. प्रवाळ खणणं त्यानंतरच आटोक्यात आलं. इथल्या जीवजातींची नोंद ३,६००च्या वर आहे. ११७ जातींचे कठीण प्रवाळ, सागरी गवताच्या डझनभर जाती, कासवं, डॉल्फिन, आणि गवत चरणारी, दिवसाला तीस-चाळीस किलो फस्त करणारी समुद्रगाय. एवढं सगळं कायद्याविना राहिलं असतं, असं मानायला मी भाबडा नाही.

माझी तक्रार पहाऱ्याबद्दल आहे. तो ज्याच्यावर बसायला हवा त्याच्यावर बसलेला नाही.

रामेश्वरच्या बेटावर, पांबनच्या दक्षिणेला चिन्नपालम नावाचं मासेमारांचं गाव आहे. तिथे एका सकाळी बायका पाण्यातून वर येताना पाहिल्या. साडीवर पुरुषाचा शर्ट, डोळ्यांवर पोहण्याचा चष्मा, बोटांना चिंध्या गुंडाळलेल्या. चप्पल नाही. तळपायाला अॅल्युमिनियमच्या चकत्या, टायरच्या रबराने बांधलेल्या. जेवणाच्या छोट्या ताटल्याच जणू पायाला बांधल्या आहेत. प्रवाळाचा खडक कापतो म्हणून हे चिलखत. कमरेला जाळीची पिशवी आणि पिशवीत ओलं, तांबूस-हिरवं शेवाळ. 'मरिकोळुंदु', एकीने सांगितलं. मरिकोळुंदु म्हणजे आपला दवणा, तिकडे बायका तो गजऱ्यात घालतात. त्याच्यासारखं बारीक, फांद्याफांद्यांचं दिसतं म्हणून समुद्रातल्या शेवाळालाही तेच नाव. दुसऱ्या एका शेवाळाला 'कंजी पासी' म्हणतात, त्याची पेज होते. तिसऱ्याचं नाव 'पकोडा पासी', आणि ते हातात घेतलं की नाव कुठून आलं ते विचारावं लागत नाही. या शेवाळांतून अगर निघतं, अल्जिनेट निघतं, दोन्ही घट्टपणा आणणारे पदार्थ. प्रयोगशाळेतल्या बशीपासून मिठाईपर्यंत ते कुठे कुठे जातं याचा त्या बायकांना पत्ता नाही, आणि दर व्यापारी ठरवतो.

रिक्षावाल्याच्या मोडक्यातोडक्या हिंदीच्या मदतीने मी विचारलं, बेटावर जाता का? सगळ्या हसल्या. एक म्हणाली, "बेटावर नाही. बेटाच्या बाजूला."

या हसण्यात सगळी गोष्ट आहे. चांगलं शेवाळ बेटांभोवतीच्या उथळ खडकावर उगवतं आणि तोच भाग उद्यानात. उद्यानाची हद्द तर अशी, की बेटाच्या किनाऱ्याकडच्या बाजूने साडेतीन वाव खोलीपर्यंत आणि खुल्या समुद्राच्या बाजूने पाच वाव. वाव म्हणजे पसरलेल्या दोन हातांमधलं अंतर. आपल्या कोळ्यांनाही हे माप माहीत आहे, पण ते दोर सोडून मोजायचं माप आहे, पाण्यावर रेघ दिसत नाही. ज्यांच्या आज्याही तिथे शेवाळ काढत होत्या, त्या बायका एके दिवशी अतिक्रमण करणाऱ्या ठरल्या. होडी अडवणं, पिशव्या जप्त होणं, दंड, हे त्यानंतरचं नेहमीचं.

यावर त्यांनी जे केलं ते मोर्चापेक्षा मोठं आहे. स्वतःवर बंधनं घातली. महिन्यात बाराच दिवस शेवाळ काढायचं, अमावस्या-पौर्णिमेच्या आसपासचे. उन्हाळ्यातल्या मासेमारी बंदीच्या काळात पंचेचाळीस दिवस पूर्ण बंद. हातानेच तोडायचं, लोखंडी खरवडणी वापरायची नाही, म्हणजे मूळ खडकाला राहतं आणि पुन्हा फुटतं. चिन्नपालमच्याच लक्ष्मी मूर्ती यांना २०१५ मध्ये सीकॉलॉजी पुरस्कार मिळाला तो यासाठीच. बेटांवरच्या निसर्गाचं रक्षण करणाऱ्यांना दिला जाणारा हा आंतरराष्ट्रीय पुरस्कार आहे. परदेशात ज्या कामाचा सत्कार होतो, त्या कामाला आपल्या कायद्यात नाव नाही.

उलट बाजूही सांगायला हवी. चकती बांधलेला पाय प्रवाळाच्या फांदीवर पडला तर ती मोडतेच. काही हजार बायका रोज उतरल्या तर खडक झिजणारच. ज्या शास्त्रज्ञांनी हे दाखवून दिलं ते काही बायकांचे वैरी नव्हेत. मासळीला अंडी घालायला, पिल्लं वाढायला पूर्ण बंद ठेवलेले पट्टे लागतात हेही खरं आहे. पण मग त्याच काट्याने दुसऱ्यांनाही तोला.

ट्रॉलरचं जाळं कसं चालतं हे ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी सांगतो. पिशवीसारख्या जाळ्याच्या तोंडाला दोन जड फळ्या असतात. होडी ओढते तसतशा त्या बाजूला फाकतात आणि तळ घासत जातात, त्यामुळे तोंड उघडं राहतं. खालच्या दोराला वजन किंवा साखळी. म्हणजे शेतात कुळव चालवावा तसं समुद्रतळावर रोज कुळवणं. कुळवणीनंतर शेतकरी पेरतो तरी. इथे कोळंबीबरोबर शंखाची अंडी, समुद्रकाकड्या, गवताचे गड्डे, बोटभर मासे सगळं वर येतं. कोळंबी निर्यातीला जाते आणि बाकीचा ढीग कोंबडीखाद्याला. ही पद्धत काही परंपरेने आलेली नाही. १९५०च्या दशकात केरळात नॉर्वेच्या मदतीने प्रकल्प सुरू झाला, त्यातून यांत्रिक मासेमारीचं वारं सुटलं आणि कोळंबीला परदेशी भाव मिळाल्यावर साऱ्या किनाऱ्याने ते घेतलं. सरकारने कर्ज दिलं, अनुदान दिलं. आजही यांत्रिक नौकांना डिझेलवर करसवलत मिळते.

तमिळनाडूच्या १९८३च्या कायद्यानुसार किनाऱ्यालगतचा पट्टा यांत्रिक नौकांना बंद आहे. मात्र पायाला ताटल्या बांधलेली बाई पकडणं सोपं. तिची होडी हळू असते, ती पळत नाही, तिच्यामागे बोटमालकांची संघटना नसते. रात्री दिवे मालवून आत येणाऱ्या ट्रॉलरमागे जायला वेगवान नौका, डिझेल आणि मनुष्यबळ लागतं. शिवाय तो पकडला तर दुसऱ्या दिवशी बंदर बंद पडतं. वनखातं बेटांचं, मत्स्यखातं माशांचं, तटरक्षक दल सीमेचं. तळाचा वाली कोण?

ट्रॉलरवाल्यांना खलनायक करून मोकळं व्हायचीही माझी तयारी नाही. ट्रॉलरवरचा खलाशी हिश्श्यावर काम करतो, मालक नसतो. पाल्कच्या उपसागरात तर त्याची कोंडीच झाली आहे. पलीकडे श्रीलंकेने २०१७ मध्ये तळ खरवडणाऱ्या जाळ्यांवर बंदी घातली, तिथल्या नौदलाने पकडलं की तुरुंग आणि होडीही गेली. त्याच वर्षी आपल्याकडे योजना आली. तीन वर्षांत दोन हजार ट्रॉलर मोडीत काढायचे आणि त्याजागी खोल समुद्रात कुपा पकडणाऱ्या नौका द्यायच्या, खर्च १,६०० कोटी. एका नौकेची किंमत ८० लाख धरलेली. सत्तर टक्के सरकारने द्यायचे, दहा टक्के मासेमाराने आणि उरलेलं कर्ज. प्रत्यक्षात नौका उतरल्या त्या मोजक्याच. एका रात्रीत जाऊन येणाऱ्या माणसाला तुम्ही दोन-तीन आठवडे समुद्रात काढायला सांगता, वेगळं कसब मागता, वर सोळा लाखांचं कर्ज. खरवडणं थांबवायचं असेल तर ट्रॉलर मोडायचे पैसे द्या, खलाशाला भरपाई द्या, आणि पुढे त्याने कशाने मासे मारायचे ते त्याला ठरवू द्या. मोठ्या होडीची अट घालून तुम्ही समुद्र वाचवत नाही, होडी विकता.

मग सरकारचं नवं आवडतं उत्तर येतं, शेवाळाची शेती. इथे मला सगळ्यात जास्त राग येतो, कारण या उत्तराचा इतिहास याच आखातात घडला आहे आणि तो कुणी आठवत नाही.

कप्पाफायकस हे फिलिपाइन्सकडचं शेवाळ. त्यातून कॅराजीनन निघतं. आइस्क्रीम गुळगुळीत ठेवायला, टूथपेस्ट घट्ट करायला ते लागतं. भावनगरच्या सरकारी संशोधन संस्थेने ते देशात आणलं, नव्वदच्या दशकात मंडपमच्या पाण्यात लावून पाहिलं आणि २००० च्या सुमारास पेप्सीच्या कंपनीने त्याची व्यापारी लागवड सुरू केली. आजही तिकडे त्याचं नाव 'पेप्सी पासी'. बांबूचा तराफा, त्यावर दोऱ्या, दोरीला शेवाळाचे तुकडे, पंचेचाळीस दिवसांत पीक. तराफे चालवायला आल्या त्या बचत गटांतल्या बायका. त्यांच्यातल्या कितीतरी जणींच्या पायाखालचा खडक आधीच काढून घेतलेला होता.

हे शेवाळ बीजावाचून, नुसत्या तुकड्यातून वाढतं. वाऱ्याने तुटून निघालेला तुकडा कुठे जाईल याचा हिशेब कुणी ठेवला नव्हता. २००८ मध्ये मदुराईच्या विद्यापीठातल्या शास्त्रज्ञांनी कुरुसडै बेटाजवळच्या जिवंत प्रवाळांवर ते पसरल्याचं छापून आणलं. कुरुसडै म्हणजे जीवशास्त्राच्या विद्यार्थ्यांची पंढरी. कित्येक पिढ्या तिथे नमुने गोळा करायला गेल्या. फांद्यांच्या प्रवाळावर शेवाळाचं कांबळं पसरलं की प्रकाश अडतो आणि खालचा प्रवाळ मरतो. पसरलेला भाग फार मोठा नाही, असं लागवडीच्या बाजूचे म्हणाले. तेव्हापासून माणसं हातांनी ते उपटत आली आहेत, आणि एखादा तुकडा राहिला की पुन्हा येतं. २०१३ नंतर पाणी तापलं, रोग पडला, तराफ्यांवरचं पीक मोठ्या प्रमाणात मेलं. तराफ्यावर मेलेलं शेवाळ खडकावर मात्र टिकून राहिलं, हा त्यातला विनोद.

तमिळनाडू सरकारने २००५ मध्येच आदेश काढून ही परदेशी लागवड पाल्कच्या उपसागराच्या उत्तरेला आणि तुतिकोरिनच्या दक्षिणेलाच करावी, म्हणजे बेटांच्या पट्ट्यापासून लांब ठेवावी, असं ठरवलं होतं. शहाणपणाचा आदेश होता. आता मात्र २०२० च्या मत्स्यसंपदा योजनेत शेवाळासाठी ६४० कोटी ठेवले, पाच वर्षांत अकरा लाख टनांहून जास्त उत्पादनाचं लक्ष्य होतं (प्रत्यक्ष उत्पादन त्याच्या पासंगालाही पुरत नाही), आणि रामनाथपुरम जिल्ह्यात शेवाळ उद्यानाची पायाभरणी झाली आहे. लक्ष्य एवढं मोठं ठेवलं, की जे सगळ्यात लवकर वाढतं तेच लावायचा मोह होतो. माझ्या मते मन्नारच्या बेटांच्या आसपास कप्पाफायकस नकोच. कंजी पासी, मरिकोळुंदु ही इथलीच शेवाळं दोरीवर वाढवता येतात. उत्पादन कमी येईल, पण तुकडा सुटला तर तो आपल्याच घरी जाईल.

पाणी तापणं रामनाथपुरमच्या कुठल्याही अधिकाऱ्याच्या हातात नाही. २०१० मध्ये, २०१६ मध्ये प्रवाळ पांढरे पडले, २०१६ मध्ये सुमारे सोळा टक्के मेले. तुतिकोरिनच्या संशोधकांच्या मोजणीत २००५ मध्ये जिवंत प्रवाळांचं आच्छादन ३७ टक्के होतं, २०२१ मध्ये २७ टक्क्यांच्या आसपास आलं. मोकळ्या समुद्राला आजाराची साथ आलीच आहे. तर निदान खरवडणी, गाळ आणि पाहुणं शेवाळ हे तीन तरी आवरता येतात. (सेतुसमुद्रम या जहाजांच्या कालव्याच्या प्रकल्पाचं नाव इथे घ्यायलाच हवं. २००५ मध्ये सुरू झालेला तो कालवा खणताना उडालेला गाळ प्रवाळावर बसेल, हा साधा प्रश्न सेतू कुणी बांधला या वादात बुडून गेला. खोदकाम थांबलं ते सर्वोच्च न्यायालयात. जानेवारी २०२३ मध्ये तमिळनाडू विधानसभेने ते पुन्हा सुरू करण्याचा ठराव केला आहे.)

हा वाद आपल्याला परका नाही. मालवणला १९८७ मध्ये एकोणतीस चौरस किलोमीटरचं सागरी अभयारण्य जाहीर झालं तेव्हापासून तिथला मच्छीमार त्याच्याकडे संशयाने बघतो. आधी न विचारता रेघ ओढली, आणि रापण (किनाऱ्यावरून हातांनी ओढायचं जाळं) ओढणाऱ्यांना पर्ससीन या वेढा घालणाऱ्या मोठ्या जाळ्यांचा, एलईडी दिव्यांच्या मासेमारीचा त्रास होत राहिला तो वेगळाच. अभयारण्याला विरोध म्हणजे निसर्गाला विरोध, असं म्हणणाऱ्यांनी मालवणच्या जेटीवर एक सकाळ घालवावी.

मार्गही लांब शोधायला नको. मन्नारला लागूनच, पाल्कच्या उपसागरात २०२२ मध्ये समुद्रगायींसाठी ४४८ चौरस किलोमीटरचं राखीव क्षेत्र झालं. कायद्याने ते राष्ट्रीय उद्यान नाही, 'संवर्धन राखीव' आहे, म्हणजे तिथे राहणाऱ्यांचे हक्क जात नाहीत आणि कारभाराच्या समितीत गावांना जागा असते. जाळ्यात अडकलेली समुद्रगाय सोडून देणाऱ्या मासेमारांना वनखातं बक्षीसही देतं. याच किनाऱ्यावर तंजावरच्या सरफोजीराजांनी नेपोलियनच्या पराभवाच्या आनंदात बांधलेला मनोरा उभा आहे. मराठी राजाने फ्रेंच सम्राटाच्या पराभवाचा इंग्रजांसाठी केलेला तो जल्लोष कितपत शोभला, हा वेगळा विषय. त्याच्या पायथ्याच्या पाण्यात जी व्यवस्था चालते, ती पलीकडे बेटांभोवती का चालू नये?

आखाताला हे नवंही नाही. तुतिकोरिनच्या मोत्यांच्या शिंपल्यांची 'पार', म्हणजे खडकाळ पट्टे, कित्येक शतकं ठरावीक पद्धतीने उघडली-मिटली जात. आधी तपासणी व्हायची, नमुना काढून शिंपल्याचं वय पाहायचे, पिकलेलं नसेल तर वर्षानुवर्षं बंद. पाणबुड्यांना धीर यावा म्हणून शार्कचं तोंड बांधणारा मांत्रिकही सरकारी खर्चाने ठेवलेला असे. शेवटची मोठी मोतीमासेमारी १९६१ मध्ये झाली. कोणतं पार, कोणत्या महिन्यात, किती माणसांनी, कशाने, हे चार प्रश्न तेव्हा विचारले जायचे. बायकांचे बारा दिवस त्याच जातीचे आहेत. उद्यानाच्या पुढच्या व्यवस्थापन आराखड्यात ते लिहून घ्यावेत. कोणत्या बेटाचा कोणता खडक बंद आणि कोणता खुला हे दरवर्षी त्यांच्याबरोबर बसून ठरवावं, आणि पिशव्या जप्त करण्यात जाणारी होडी रात्रीच्या ट्रॉलरमागे लावावी.

निघायच्या आदल्या दिवशी कुंदुकालच्या धक्क्यावरून वनखात्याच्या पर्यटन होडीचं तिकीट काढून मी कुरुसडै बेटावर गेलो. वाळू पांढरी, पाणी निळं. मेलेल्या प्रवाळाचा तुकडा उचलायलाही बंदी आहे असं गाइडने सांगितलं, आणि ते योग्यच आहे. फोटो काढून परत आलो. होडीतून चिन्नपालमची घरं दिसत होती.